झुरियाचा आक्रोश आणि स्मिता पाटील

वसई तालुक्यातील नायगाव, कामण या भागात आज दूरचित्रवाणी मालिकांचे सेट उभे आहेत. नालासोपारा-विरारच्या चाळींतल्या कितीतरी मुली कामाच्या आशेने त्या दिशेला डोळे लावून असतात. कुणाला गर्दीत उभे राहण्याचे काम मिळते, कुणाला कपडेपट सांभाळण्याचे. रात्री घरी परतल्यावर त्याच मुली टीव्हीसमोर बसतात. पडद्यावर त्यांना काय दिसते? दागिन्यांनी मढलेली सासू, गोरीपान सून, मोठा देव्हारा आणि न संपणारी व्रतवैकल्ये. या मुलींची आई चार घरची धुणीभांडी करते. ती पडद्यावर कुठेच नसते, आणि असलीच तर हसण्यापुरती मोलकरीण असते.

अशा वेळी एका सावळ्या अभिनेत्रीची आठवण होणे साहजिक आहे. ती याच छोट्या पडद्यावरून महाराष्ट्राच्या घराघरांत पोहोचली होती. तिचे नाव स्मिता पाटील. १३ डिसेंबर १९८६ रोजी, वयाच्या अवघ्या ३१व्या वर्षी ती गेली. तिच्या सौंदर्यावर आणि खाजगी आयुष्यावर प्रस्थापित वृत्तपत्रांनी रकानेच्या रकाने भरले. पण तिने पडद्यावर कुणाचे दुःख उभे केले, यावर फारसे कुणी बोलत नाही. चळवळीच्या वाचकाने मात्र ते पाहिलेच पाहिजे.

स्मिता पाटील यांचा जन्म १७ ऑक्टोबर १९५५ रोजी पुण्यात झाला. वडील शिवाजीराव गिरधर पाटील हे खानदेशातील शिरपूरचे. समाजवादी विचारातून ते राजकारणात आले आणि पुढे राज्यात मंत्री झाले. आई विद्याताई या सामाजिक कार्यकर्त्या होत्या. घर बहुजन समाजातले, पण सत्तेच्या जवळचे. राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात ही मुलगी वावरली. गावोगावच्या माणसांची तिला तिथे ओळख झाली. अभिनयाची पदवी तिने कुठून आणली नव्हती. जी शाळा होती ती हीच.

२ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झाले. या केंद्रावर स्मिता पाटील मराठी बातम्या देऊ लागल्या. निवेदिका म्हटली की गोरा रंग आणि गुळगुळीत हसू अशी समजूत त्या काळात पक्की होती. त्या पडद्यावर एक काळीसावळी मुलगी मोठ्या डोळ्यांनी सरळ प्रेक्षकाकडे पाहून बोलू लागली. जीन्सवरच साडी गुंडाळून ती बातम्या द्यायला बसायची, ही हकिकत आजही सांगितली जाते. रंगावरून माणसाची किंमत ठरवणाऱ्या या देशात तो चेहरा रोज संध्याकाळी दिसणे ही साधी गोष्ट नव्हती. रंगाचा हा तिटकारा जातीच्या तिटकाऱ्याचाच सख्खा भाऊ आहे, हे आपल्याला कुणी शिकवायला नको.

याच पडद्यावर दिग्दर्शक श्याम बेनेगल यांनी त्यांना हेरले. १९७५ साली 'चरणदास चोर' आणि 'निशांत' हे चित्रपट आले. १९७६ साली 'मंथन' आला. गुजरातमधील ५ लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी २ रुपये काढून हा चित्रपट उभा केला. गावात दूध संस्था येते, अस्पृश्य वस्तीतली माणसे मतदानाच्या जोरावर सरपंचाला हरवतात आणि त्याचा सूड म्हणून त्यांची वस्ती जाळली जाते. मताचा अधिकार मिळाला की गावगाडा कसा हादरतो आणि मग तो कसा उलटतो, याचे हे चित्र आहे. स्मिता पाटील यात त्याच वस्तीतल्या बिंदूच्या भूमिकेत आहेत. ही बिंदू रोखठोक आहे, स्वाभिमानी आहे, पण शेवटी खोट्या कागदावर तिचाच अंगठा घेतला जातो. अक्षर नाकारलेल्या समाजाच्या अंगठ्याचा वापर कोण कसा करतो, हे एवढ्या एका प्रसंगातून कळते.

१९७७ साली दोन मोठ्या भूमिका आल्या. 'भूमिका' हा चित्रपट अभिनेत्री हंसा वाडकर यांच्या 'सांगत्ये ऐका' या आत्मकथनावर बेतलेला होता. कलावंतिणीच्या घराण्यातल्या मुलीच्या कमाईवर घर चालते, पण तिला स्वतःचे घर कधीच मिळत नाही, अशी ही कहाणी. त्यासाठी स्मिता पाटील यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्या वेळी त्या जेमतेम बावीस-तेवीस वर्षांच्या होत्या. त्याच वर्षी डॉ. जब्बार पटेल यांच्या 'जैत रे जैत'मध्ये त्यांनी ठाकर समाजातली चिंधी उभी केली. याच जब्बार पटेलांनी पुढे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांवरचा चित्रपट केला. १९८० च्या 'आक्रोश'मध्ये त्या आदिवासी लहान्या भिकूची बायको नागी झाल्या. तिच्यावर अत्याचार करणारे गावचे प्रतिष्ठित मोकळे फिरतात आणि तिच्या मृत्यूचा आरोप नवऱ्यावरच येतो. नागीला बोलायला जवळजवळ काहीच नाही, तरी ती विसरता येत नाही. 'चक्र'मधली मुंबईच्या झोपडपट्टीतली अम्मा त्यांना दुसरा राष्ट्रीय पुरस्कार देऊन गेली. १९८२ च्या 'उंबरठा'तल्या सुलभा महाजनने महिलाश्रमाच्या भिंतीआडचा कारभार उघडा पाडला. १९८५ साली त्यांना पद्मश्री मिळाली.

परंतु आपल्या दृष्टीने सर्वात महत्त्वाची भूमिका आहे ती 'सद्गती'मधील झुरियाची. १९८१ साली सत्यजित राय यांनी प्रेमचंदांच्या कथेवरून दूरदर्शनसाठी हा छोटा चित्रपट केला. दुखी चांभार मुलीच्या सोयरिकीचा मुहूर्त काढून घ्यायला ब्राह्मणाच्या दारी जातो. अंगात नुकत्याच उतरलेल्या तापाचा अशक्तपणा, पोटात अन्न नाही. ब्राह्मण त्याला अंगण झाडायला लावतो, भुसा वाहायला लावतो आणि शेवटी लाकडाचा ओंडका फोडायला सांगतो. ओंडका फोडता फोडता दुखी मरतो. त्याची बायको झुरिया ब्राह्मणाच्या बंद दारापुढे येते आणि भर पावसात आक्रोश करते. शेवटी पहाटे तो ब्राह्मण प्रेताला हात न लावता त्याच्या पायात दोरीचा फास अडकवतो आणि मेलेली जनावरे टाकतात तिथे ओढत नेऊन टाकतो. याचे नाव सद्गती!

या कथेवर आपला एक आक्षेप आहे आणि तो मांडलाच पाहिजे. प्रेमचंदांनी ही कथा लिहिण्याआधी १९२७ साली महाडला चवदार तळ्याचे पाणी पेटले होते. १९३० साली नाशिकला काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला. चित्रपट आला तेव्हा दलित पँथरला नऊ वर्षे होऊन गेली होती आणि मराठवाड्यात नामांतरासाठी माणसे घरादाराची राख सोसत होती. एवढे सगळे घडूनही पडद्यावर मात्र मुहूर्तासाठी भटाच्या दारी मरणारा दुखीच दाखवला गेला. मुहूर्तच नाकारणारा, भटाशिवाय लग्न लावणारा माणूस या देशात तयार झाला होता. त्याच्याकडे कुणाचा कॅमेरा वळला नाही.

तरीही त्या चित्रपटात दोन गोष्टी आपल्या आहेत. एक, दुखीचे भाईबंद प्रेत उचलायला नकार देतात. मेलेली ढोरे ओढू नका, असे बाबासाहेबांनी आपल्याला सांगितले होते. इथे माणसे ओढत नाहीत म्हटल्यावर ओढण्याचे काम ब्राह्मणाच्या हातात येते. दुसरी गोष्ट म्हणजे झुरिया. त्या दारापुढे ती दयेची भीक मागत नाही, जाब विचारते. स्मिता पाटील यांनी त्या बाईला लाचार होऊ दिले नाही, हे त्यांचे मोठेपण.

दुसरा प्रश्न अधिक अवघड आहे. बिंदू, नागी, झुरिया या आपल्या बायका. पण त्या साकारणारी अभिनेत्री मंत्र्याच्या घरातली. तिने प्रामाणिकपणे काम केले, यात शंका नाही. मुंबईच्या विमेन्स सेंटरशी ती जोडलेली होती, पहिल्या राष्ट्रीय पुरस्काराची रक्कम तिने सामाजिक कामाला दिली. पण व्यवस्थेने तिचेही भांडवल केले. 'चक्र'च्या जाहिरातीत झोपडीबाहेर आंघोळ करणारी बाईच विकायला काढली गेली. घराला न्हाणी नाही, हे त्या बाईचे दुःख, आणि बाजाराने त्याचाच तमाशा मांडला. आपले दुःख दुसऱ्याने सांगितले की त्याचा मालही दुसराच करतो, एवढे यातून शिकायचे.

विवाहित अभिनेते राज बब्बर यांच्याशी संसार मांडल्याबद्दल त्यांच्यावर टीका झाली. स्त्रीमुक्तीवाल्या मैत्रिणीही दुखावल्या. तो त्यांचा निर्णय होता आणि त्याची किंमत त्यांनी मोजली. २८ नोव्हेंबर १९८६ रोजी मुलाचा जन्म झाला आणि बाळंतपणानंतरच्या गुंतागुंतीत पंधरा दिवसांत त्यांचा अंत झाला. मुंबईसारख्या शहरात, डॉक्टर हाताशी असताना एका नामवंत बाईचे हे झाले. मग जव्हार-मोखाड्याच्या पाड्यावरच्या बाईचे काय होत असेल? १ ऑगस्ट २०१४ रोजी पालघर जिल्हा वेगळा झाला, त्यानंतरही गरोदर बाईला डोलीत घालून दवाखान्यात नेल्याच्या बातम्या आपण वाचल्या. तिच्यासाठी कुणी रकाने भरले नाहीत.

त्यांच्या मृत्यूनंतर 'मिर्च मसाला' प्रदर्शित झाला. त्यातली सोनबाई सुभेदाराला शरण जात नाही आणि मिरचीच्या कारखान्यातल्या बायका शेवटी तिखटच हत्यार म्हणून वापरतात. २०२४ साली 'मंथन'ची नवी केलेली प्रत फ्रान्समध्ये कान महोत्सवात दाखवली गेली. जगाने टाळ्या वाजवल्या. पण बिंदूची वस्ती आजही कुठे ना कुठे जळते आहे.

पुढची वाट कुणीतरी दाखवली आहे. नागराज मंजुळे यांच्या 'फँड्री'त जब्याचे कुटुंब डुक्कर वाहून नेते, ते शाळेच्या भिंतीवरील बाबासाहेबांच्या चित्रासमोरून. शेवटी जब्या दगड भिरकावतो. दुखीच्या फरफटीपासून जब्याच्या दगडापर्यंतचे हे अंतर आपल्या माणसाच्या हाती कॅमेरा आल्यामुळे कापले गेले.

म्हणून नायगावच्या सेटवर गर्दीत उभ्या राहणाऱ्या आपल्या मुलींनी स्मिता पाटील यांचे चित्रपट जरूर पाहावेत. सावळा रंग लपवायचा नसतो, हे त्यातून शिकावे. पण तिथेच थांबू नये. लिहायला शिकावे, कॅमेरा हाताळायला शिकावे, संकलनाच्या टेबलावर जाऊन बसावे. झुरियाचा आक्रोश स्मिता पाटील यांनी जगाला ऐकवला, त्याबद्दल आपण कृतज्ञ आहोत. आता झुरियाच्या लेकीने आपली गोष्ट स्वतः सांगायची आहे. ती सांगायला शिकली, तरच या अभिनेत्रीची आठवण काढल्याचे सार्थक होईल.