विश्लेषण : भारतात टीव्ही सुरू झाला, तेव्हा पु. ल. देशपांडे काय करत होते?

‘बटाट्याची चाळ’ आणि ‘व्यक्ती आणि वल्ली’मुळे पु. ल. घराघरांत पोहोचले. पण देशातील टीव्हीचे पहिले निर्माते म्हणूनही त्यांची नोंद आहे, हे नव्या पिढीला फारसे ठाऊक नसते.

टीव्हीच्या आधी काय?

८ नोव्हेंबर १९१९ रोजी मुंबईत जन्मलेले पु. ल. पार्ल्यात वाढले. १९४७ च्या ‘कुबेर’मधून ते पडद्यावर आले. ‘गुळाचा गणपती’चे (१९५३) लेखन, संगीत, दिग्दर्शन आणि प्रमुख भूमिका त्यांचीच. १९५५ मध्ये ते आकाशवाणीत रुजू झाले.

बीबीसीत कशासाठी?

बीबीसीने लंडनमध्ये नियमित दूरचित्रवाणी १९३६ मध्येच सुरू केली होती. आकाशवाणीला आवाजाची सवय होती, चित्राची नव्हती. लिहिणे, अभिनय, संगीत आणि दिग्दर्शन एकाच माणसाला येते, अशी उदाहरणे मोजकीच होती. पु. लं.ना प्रशिक्षणासाठी बीबीसीत पाठवण्यात आले. त्याच मुक्कामातून ‘अपूर्वाई’ हे प्रवासवर्णन जन्मले.

दिल्लीत काय घडले?

१५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत प्रायोगिक प्रक्षेपण सुरू झाले. ट्रान्समीटर छोटा, कार्यक्रम आठवड्यातून मोजकेच आणि तेही सार्वजनिक ठिकाणी ठेवलेल्या थोड्या संचांवर दिसणारे. ‘दूरदर्शन’ हे नावही तेव्हा नव्हते. कारभार आकाशवाणीकडेच होता. भारतीय टीव्हीवर पंडित नेहरूंची पहिली मुलाखत घेण्याचा मानही पु. लं.कडे जातो.

पुढे काय?

सरकारी नोकरीत पगाराची शाश्वती होती, रंगभूमीवर मात्र तिकीटबारीचा भरवसा. पु. लं.नी रंगभूमी निवडली. १९६१ मध्ये ‘बटाट्याची चाळ’चे एकपात्री प्रयोग सुरू झाले आणि नाट्यगृहे भरू लागली. दैनंदिन प्रक्षेपण १९६५ मध्ये आले, तर मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी. तोवर पु. ल. टीव्हीच्या नोकरीपासून दूर गेले होते.

आज महत्त्व काय?

१२ जून २००० रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. दिल्लीतले त्यांचे काम फार थोड्यांनी पाहिले, कारण पाहायला संचच नव्हते. आज लोकल पकडणारा प्रवासीही त्यांचे कथाकथन मोबाइलवर पाहू शकतो. पडदा हातात आला. त्या पडद्याची सुरुवात करून देणाऱ्यांत एक मराठी लेखक होता, एवढे मात्र लक्षात ठेवायला हवे.