मेरी रिचमंड : व्यक्तिसहयोग कार्याच्या प्रवर्तक

मेरी रिचमंड यांचा जन्म १८६१ मध्ये अमेरिकेत इलिनॉय राज्यात झाला. बालपणीच आई गेल्याने बाल्टिमोर येथे आजीने त्यांना वाढवले. महाविद्यालयीन शिक्षण त्यांना लाभले नाही. १८८९ मध्ये त्या तेथील धर्मादाय संघटनेत सहायक कोषाध्यक्ष झाल्या. हिशेब सांभाळताना त्या गरजूंच्या घरीही जात. एकाच मापाने वाटलेली मदत प्रत्येक कुटुंबाला उपयोगी पडत नाही, हे त्यांनी जाणले. म्हणून मदतीपूर्वी व्यक्ती, कुटुंब, शाळा, शेजार व रोजगार यांविषयीचे पुरावे तपासून समस्येचे निदान करण्याची पद्धत त्यांनी १९१७ च्या ‘सोशल डायग्नोसिस’ या ग्रंथात मांडली. दयेला अभ्यासाची जोड मिळाली. १९२१ मध्ये स्मिथ कॉलेजने त्यांना मानद पदव्युत्तर पदवी दिली. १९२८ मध्ये त्यांचे निधन झाले.