लुई प्रीमा : पहाटेच्या मैफलीचा गवई

हसविणाऱ्या गवयाला थोर म्हणावयास रसिक सहसा धजत नाहीत. अमेरिकेतील इटालियन वंशाचा गायक व ट्रंपेटवादक लुई प्रीमा याच्या वाट्याला हेच आले; पण त्याच्या थट्टेखाली लयीचा पक्का पाया होता.

७ डिसेंबर १९१० रोजी न्यू ऑर्लिन्स येथे, सिसिलीहून आलेल्या कुटुंबात त्याचा जन्म झाला. आईने हाती व्हायोलिन दिले. परंतु जाझचे माहेर असलेल्या त्या शहरात मुलाचा कान लागला तो ट्रंपेटकडे, लुई आर्मस्ट्राँगच्या वादनाकडे. १९३५ मध्ये न्यूयॉर्कच्या ‘फेमस डोअर’ क्लबात त्याचे नाव झाले. पुढच्याच वर्षी त्याने ‘सिंग, सिंग, सिंग’ रचले. १९३८ साली बेनी गुडमनच्या वाद्यवृंदाने ते कार्नेगी हॉलमध्ये वाजविले, आणि ते गुडमनच्याच नावावर ओळखले जाऊ लागले. रचनाकार मागे राहिला.

महायुद्धानंतर मोठ्या वाद्यवृंदांचे दिवस सरले. १९५४ च्या अखेरीस प्रीमा पत्नी कीली स्मिथसह लास व्हेगासच्या सहारा हॉटेलात आला, तेव्हा त्याची सद्दी संपल्यासारखीच होती. जागा मिळाली तीही मुख्य नाट्यगृहात नव्हे, जुगाराच्या दालनालगतच्या पानगृहात. मध्यरात्रीपासून सकाळी सहापर्यंत पाच कार्यक्रम. समोर पेल्यांत आणि पत्त्यांत गुंतलेली माणसे. दरबारी गवयाच्या घरात वाढल्यामुळे मला इतके ठाऊक आहे, की लक्ष नसलेल्या मंडळींपुढे गाण्यासारखी दुसरी परीक्षा नाही.

या परीक्षेत प्रीमा उतरला. न्यू ऑर्लिन्सचाच सॅक्सोफोनवादक सॅम ब्युटेरा साथीला आला. प्रीमा नाचे, ओरडे, निरर्थक बोलांच्या ताना घेई. कीली शेजारी निर्विकार चेहऱ्याने उभी राही आणि आपली पाळी येताच निर्मळ सुरात गाई. त्या विरोधातून हशा उसळे. पण झुलता ताल क्षणभर सैल होत नसे, आणि एका गाण्यातून दुसऱ्यात शिरताना सांधा दिसत नसे. शहरातील नामांकित कलावंत आपापले कार्यक्रम आटोपून ऐकावयास येऊन बसत. १९५९ मध्ये पहिल्याच ग्रॅमी समारंभात या जोडीला ‘दॅट ओल्ड ब्लॅक मॅजिक’साठी पारितोषिक मिळाले.

१९६१ मध्ये दोघांचा घटस्फोट झाला आणि त्या मैफलीचा रंग ओसरला. तरी १९६७ च्या डिस्नेच्या ‘जंगल बुक’ चित्रपटात वानरराजा लुई गातो तो प्रीमाच्याच आवाजात. मध्य प्रदेशातील सिवनीच्या रानात घडणाऱ्या किप्लिंगच्या मूळ कथांत वानरांना राजाच नाही. तो चित्रपटकारांनी घातला. प्रीमाचे नाव न ऐकलेली मुलेही त्या गाण्यावर ठेका धरतात.

१९७५ मध्ये मेंदूतील गाठीवर शस्त्रक्रिया झाली, त्यानंतर तो शुद्धीवर आला नाही. २४ ऑगस्ट १९७८ रोजी जन्मगावीच त्याचे निधन झाले. तेथील त्याच्या समाधीवर ट्रंपेट वाजविणाऱ्या देवदूताची मूर्ती आहे.