मलिक अंबर आणि पाणी

आपल्या इतिहासाच्या पुस्तकात मलिक अंबर दोन-चार ओळींत संपायचा. (सर, ही तक्रार नाही!) १५४८च्या सुमारास इथिओपियात जन्मलेला हा मुलगा गुलाम म्हणून विकला जात बगदादमार्गे दख्खनेत आला. धनी वारल्यावर मोकळा झाला, घोडेस्वार जमवले आणि १६००नंतर निजामशाहीचा कर्ताधर्ता बनला.

मोगलांकडे तोफा, माणसं, पैसा, सगळंच जास्त. म्हणून त्याने समोरासमोरची लढाईच टाळली. रसद तोडायची, रात्री छापे घालायचे, पाठलागावर आलेल्यांना डोंगरात दमवायचं. हे सगळं हलक्या मराठा घोडदळाच्या बळावर. १६२४मध्ये अहमदनगरजवळ भातवडीला मोगल आणि आदिलशाही फौजा एकत्र चालून आल्या, तेव्हा त्याने तलावाचं पाणी सोडून त्यांच्या वाटेत चिखल करून ठेवला. अडकलेल्या छावणीवर मग रात्रीचे हल्ले. शहाजीराजे त्या लढाईत त्याच्याच बाजूने होते.

माझ्यातल्या इंजिनिअरला त्याची दुसरी करामत जास्त आवडते. आपण वसवलेल्या खडकीत, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरात, त्याने डोंगराकडचं झिरपतं पाणी जमिनीखालच्या नहरीतून आणलं, नुसत्या उतारावर.

जहांगीर इतका चिडला होता की अंबरच्या छाटलेल्या मुंडक्यावर आपण बाण मारतो आहोत, असं चित्र त्याने काढून घेतलं. ते मुंडकं प्रत्यक्षात कधीच हाती लागलं नाही. अंबर १६२६ साली म्हातारा होऊन वारला. त्याची कबर खुलताबादला आहे. निजामशाही बुडवायला मोगलांना त्यानंतरही दहा वर्षं लागली.