बाकावरचा बाप आणि पोलादाचा डोंगर

जालना सोने का पालना, ही म्हण मराठवाड्यात कुणाला समजावून सांगावी लागत नाही. कुंडलिका नदीने जुने जालना आणि नवीन जालना असे दोन भाग पाडलेले हे गाव व्यापारावर पोसले, त्यातून ती म्हण पडली. आता तिथला पाळणा पोलादाचा झाला आहे. औद्योगिक वसाहतीतल्या रोलिंग मिलमधून लालभडक सळई सापासारखी सळसळत बाहेर पडताना ज्याने पाहिली, त्याला तापलेले पोलाद किती आज्ञाधारक असते हे ठाऊक आहे. ती सळई पुढे कुणाच्या तरी स्लॅबमध्ये जाऊन गप्प बसते. हेच पोलाद नळीच्या रूपात वळवून, त्यावरून माणसांनी भरलेली गाडी सोडली की त्याचा रोलर कोस्टर होतो.

आपली या मंडळींशी पहिली ओळख जत्रेतल्या आकाशपाळण्यामुळे होते. पोरे वर किंचाळत असतात आणि बाप खाली पिशव्या आणि चपला सांभाळत उभा असतो. असाच एक बाप लॉस एंजेलिसच्या ग्रिफिथ पार्कमध्ये सुट्टीच्या दिवशी बाकावर बसून शेंगदाणे खात असे. समोर त्याच्या दोन मुली गोल फिरणाऱ्या लाकडी घोड्यांवर बसलेल्या. मुलांची मजा होते आणि आईबापांनी मात्र नुसती वाट पाहायची, हे त्या बापाला खटकू लागले. त्याचे नाव वॉल्ट डिस्ने.

मिकी माऊसचा जनक म्हणून तो घरोघरी माहीत आहे. पण पोलादी रुळांचा पहिला मोठा रोलर कोस्टर त्याच्या हट्टातून उभा राहिला, हे फारसे कुणी सांगत नाही.

वॉल्टचा जन्म ५ डिसेंबर १९०१ रोजी शिकागोत झाला. १८९३ साली याच शहरात मोठे जागतिक प्रदर्शन भरले होते. त्याच निमित्ताने झालेल्या सर्वधर्म परिषदेत स्वामी विवेकानंद बोलले, हे आपल्याला शाळेपासून माहीत असते. त्याच प्रदर्शनात जॉर्ज फेरिस नावाच्या अभियंत्याने २६४ फूट उंचीचे पोलादी चक्र फिरवून दाखवले. आणि त्याच प्रदर्शनाच्या बांधकामावर वॉल्टचे वडील इलायस सुतारकाम करत होते. योगायोग म्हणून सोडून द्यावे, तर सोडवत नाही.

इलायस हा कष्टाळू, पण विलक्षण कडक माणूस. हात घालील तिथे अपयश. मिसूरी राज्यातल्या मार्सेलिन गावी शेती केली, ती विकावी लागली. १९११ मध्ये कुटुंब कॅन्सस सिटीला आले आणि वडिलांनी वर्तमानपत्र टाकण्याची लाइन विकत घेतली. नऊ वर्षांचा वॉल्ट आणि त्याचा थोरला भाऊ रॉय पहाटे साडेतीनला उठून, गुडघाभर बर्फातून घरोघर पेपर टाकत. मजुरी मिळत नसे, मुलांचे खाणेपिणे हीच मजुरी असा वडिलांचा हिशोब. एखाद्या घरी पेपर टाकायचा राहिला, अशी स्वप्ने वॉल्टला पुढे आयुष्यभर पडत राहिली. रविवारची पुरवणी चहासोबत वाचणाऱ्या आपण सर्वांनी, ती दारात टाकणाऱ्या पोराचा चेहरा एकदा तरी पाहिलेला बरा. असो.

पुढची गोष्ट बरीचशी परिचित आहे. १९२३ मध्ये पहिली कंपनी बुडाली, वॉल्ट खिशात चाळीस डॉलर घेऊन हॉलिवूडला आला, १९२८ मध्ये बोलणारा मिकी पडद्यावर आला आणि १९३७ मध्ये स्नो व्हाइट. पैसा आला तशी दोघा भावांनी आईवडिलांना घर घेऊन दिले. नोव्हेंबर १९३८ मध्ये त्या घरातल्या भट्टीच्या बिघाडाने विषारी वायू पसरला आणि आई गेली. ते घर आपण दिलेले, आणि आतले यंत्र बिघडलेले! या घावाबद्दल वॉल्ट पुढे सहसा बोलत नसे.

१७ जुलै १९५५ रोजी कॅलिफोर्नियात अनाहाइम येथे संत्र्यांच्या बागा तोडून डिस्नेलँड उभे राहिले. पत्नी लिलियन हिचा या कल्पनेला विरोध होता. करमणुकीच्या बागा म्हणजे कचरा, दारूडे आणि उर्मट गडी, असे तिचे मत, आणि ते खोटे नव्हते. म्हणून वॉल्टने रोलर कोस्टरच ठेवला नाही. पहिल्या दिवशी उन्हाने डांबर मऊ पडून बायकांच्या टाचा त्यात रुतल्या, बनावट तिकिटांवर माणसे घुसली. पण आईबाप आत आले आणि मुलांबरोबर गाडीत बसले. वॉल्टला हवे होते ते झाले.

बागेतल्या राजवाड्याचा खंदक खणताना निघालेल्या मातीचा एक ढीग मात्र उरला होता. त्याला टेकडी म्हणून नाव दिले, तरी तो ढीगच. त्यावर खरा बर्फ टाकून घसरगुंडी करावी असे वॉल्टच्या डोक्यात आले. वितळलेले पाणी कुठे काढायचे, असे विचारून बांधकाम पाहणाऱ्यांनी तो बेत हाणून पाडला. १९५८ मध्ये एका चित्रपटाच्या चित्रीकरणासाठी वॉल्ट स्वित्झर्लंडला गेला. तिथे मॅटरहॉर्न शिखर समोर दिसताच त्याने त्या शिखराचे चित्र असलेले पोस्टकार्ड आपल्या रचनाकाराला धाडले आणि हेच बांधायचे म्हणून कळवले. खरे शिखर सुमारे १४,७०० फूट. नकली १४७ फुटांचे ठरले, बरोबर शंभरावा हिस्सा.

डोंगर पोकळ असणार होता आणि पोटातून गाड्या धावणार होत्या. लाकडी रोलर कोस्टरची वळणे अशा जागेत बसेनात. कार्ल बेकन आणि एड मॉर्गन या दोन यंत्रकारांनी तोड काढली. लाकडावर ठोकलेल्या सपाट पट्ट्यांऐवजी पोलादी नळ्यांचे रूळ. नळी कुठल्याही बाजूला वळते, तिरपी होते, आणि गोल असल्यामुळे चाके तिला वरून, बाजूने व खालून धरून राहतात. चाकांना प्लास्टिकच्या जातीचे कठीण आवरण दिल्याने लोखंडावर लोखंडाचा खडखडाट गेला. एकाच रुळावर अनेक गाड्या सोडायच्या म्हणून रेल्वेसारखे टप्पे पाडले. पुढचा टप्पा मोकळा झाल्याशिवाय मागच्या गाडीचा ब्रेक सुटत नाही. २०१३ मध्ये आपल्याकडे खोपोलीजवळ इमॅजिकात उभा राहिलेला नायट्रो, जो स्विस कंपनीने बांधला, तोही पोलादी नळ्यांवरूनच धावतो.

सजावटीचे कौतुक तितकेच. पायथ्याला मोठी झाडे, वर जावे तसतशी खुजी, म्हणजे डोंगर नजरेला आहे त्याहून उंच भासावा. शिखरावर गिर्यारोहकांच्या वेशातली माणसे दोर लावून खरोखर चढत. त्या जागेवरून जाणाऱ्या पाळण्यांच्या तारमार्गाचा खांब आड येत होता. तो न पाडता डोंगरातच घेतला आणि पाळणे आरपार जाण्यासाठी डोंगराला भोके ठेवली. १४ जून १९५९ रोजी उद्घाटन झाले, तेव्हा बाहेरून सारे हिमशिखर होते आणि आत उघडा पोलादी सांगाडा. आतल्या गुहा आणि हिममानव आले ते १९७८ मध्ये.

मे १९६४ मध्ये पंधरा वर्षांचा एक मुलगा धावत्या गाडीत उभा राहिला, बाहेर फेकला गेला आणि तीन दिवसांनी वारला. डिस्नेलँडच्या पाळण्यांवरचा हा पहिला मृत्यू. टप्पे, ब्रेक, नळ्या, सारे आपापल्या जागी होते. फक्त माणूस जागी बसला नव्हता. पोरांच्या हट्टाने घराच्या गच्चीवर पतंगामागे धावणाऱ्यांना हे निराळे सांगायला नको.

वॉल्ट डिस्ने १५ डिसेंबर १९६६ रोजी फुप्फुसाच्या कर्करोगाने गेला. त्या वेळी अंधारातून धावणाऱ्या दुसऱ्या पोलादी पाळण्याचे विचार चालू होते. तो फ्लोरिडात १९७५ मध्ये झाला. मॅटरहॉर्नच्या गाड्या आजही धावतात. त्याच्या हयातीतल्या गाड्यांत बसण्याची रीत मोठी गमतीची होती. एका कप्प्यात दोघांनी एकामागे एक बसायचे, मागच्याने पाय पसरायचे आणि पुढच्याने त्याच्या छातीला टेकायचे. बहुतेक वेळा मागे बाप असे आणि पुढे पोर. बाकावर बसून राहायला त्याला जागाच उरली नाही. २०१२ मध्ये नव्या गाड्या आल्या, तेव्हापासून प्रत्येकाला वेगळी खुर्ची आहे.