मानलेल्या नात्याची थोरवी : डॉ. आनंदीबाई जोशी आणि त्यांची 'मावशी'

रक्ताची नाती जन्माबरोबर लाभतात. त्यांत माणसाच्या निवडीला वाव नसतो. परंतु आपल्या समाजाने आणखी एका नात्याला मोठ्या आदराने स्थान दिले आहे. ते म्हणजे मानलेले नाते. मानलेली बहीण, मानलेली मावशी ही संबोधने मराठी घरांत नित्याची आहेत. अशा नात्याला वंशावळीचा आधार नसतो. परस्परांविषयीचा जिव्हाळा हाच त्याचा आधार. एकोणिसाव्या शतकात, जेव्हा स्त्रीला उंबरठ्याबाहेरचे जगही परके होते, तेव्हा सात समुद्रांपलीकडील दोन स्त्रियांनी असे नाते जोडले आणि आयुष्याच्या अंतापर्यंत, किंबहुना त्यानंतरही, निभावले. त्यांतील एक म्हणजे अमेरिकेत वैद्यकीय पदवी संपादन करणाऱ्या डॉ. आनंदीबाई जोशी आणि दुसरी त्यांची 'मावशी', न्यू जर्सी प्रांतातील रोझेल गावच्या थिओडिशिया कार्पेंटर.

संगमनेरची सून

आनंदीबाईंचा जन्म 31 मार्च 1865 रोजी झाला. माहेरचे नाव यमुना. माहेर कल्याणच्या जोशी घराण्यातील. वयाच्या अवघ्या नवव्या वर्षी, 1874 साली, त्यांचा विवाह गोपाळ विनायक जोशी यांच्याशी झाला. गोपाळराव मूळचे आजच्या अहिल्यानगर जिल्ह्यातील संगमनेरचे. ते बिजवर होते आणि पत्नीहून सुमारे वीस वर्षांनी मोठे. टपाल खात्यात त्यांची नोकरी होती. पत्नीने शिकलेच पाहिजे, हा त्यांचा ध्यास होता. आणि त्या ध्यासापायी ते प्रसंगी कमालीचे कठोरही होत. त्या कठोरपणाचे घाव लहानग्या आनंदीने सोसले, हेही सत्य आहे.

पुढे आनंदीबाईंना पुत्र झाला. योग्य उपचारांअभावी ते बाळ दहा दिवसांतच दगावले. स्त्री रुग्णाने पुरुष वैद्याकडून तपासून घेणे त्या काळी लज्जास्पद मानले जाई आणि स्त्री डॉक्टर तर देशात दुर्मीळच. चौदा वर्षांच्या त्या मातेच्या मनात वैद्यकाच्या अभ्यासाचे बीज पडले ते या दुःखातून.

एका पत्राचे उत्तर

कोल्हापूर येथील वास्तव्यात गोपाळरावांनी पत्नीच्या शिक्षणासाठी साहाय्य मिळावे म्हणून वाइल्डर या अमेरिकन मिशनऱ्यांना पत्र लिहिले. वाइल्डर यांनी ते आपल्या नियतकालिकात छापले खरे. पण त्यांच्या साहाय्याच्या विचारामागे धर्मांतराची अपेक्षा होती. जोशी दांपत्याला ती मान्य नव्हती. पत्रव्यवहार तेथेच थांबला आणि दाराशी आलेली संधी परत गेली, असेच तेव्हा वाटले असावे.

परंतु छापलेल्या शब्दाला पाय फुटतात. 1880 साली दंतवैद्याकडे आपली पाळी येण्याची वाट पाहत असताना कार्पेंटरबाईंच्या हाती तो अंक पडला. कुठल्याशा अनोळखी देशातील एका मुलीची शिकण्याची तळमळ वाचून त्यांचे हृदय हेलावले. त्या स्वतः मुलाबाळांच्या माता, घरसंसारात रमलेल्या. कोणत्याही संस्थेने त्यांना सांगितले नव्हते, कोणतेही कर्तव्य त्यांच्यावर येऊन पडले नव्हते. तरीही त्यांनी आपण होऊन पत्र लिहिले.

त्या एका पत्रातून दीर्घ पत्रव्यवहार सुरू झाला. टपाल बोटीने जाई. उत्तराला आठवड्यांमागून आठवडे लागत. चालीरीती, वेशभूषा, सणवार, बालविवाह, स्त्रियांची स्थिती अशा अनेक विषयांवर दोघी एकमेकींना मोकळेपणाने लिहीत. एक ख्रिस्ती, दुसरी हिंदू. एक प्रौढ गृहिणी, दुसरी पंधरा-सोळा वर्षांची मुलगी. तरी पत्रांतून परकेपणा गळून पडला आणि आनंदीबाई त्यांना मावशी मानू लागल्या. आईची बहीण ती मावशी. म्हणजे आपल्या आईच्या शेजारी आनंदीबाईंनी त्यांना बसवले. कलकत्त्यास असताना आनंदीबाईंना डोकेदुखी, अशक्तपणा व ताप यांनी ग्रासले, तेव्हा या मावशीने अमेरिकेहून औषधे पाठवली. प्रत्यक्ष भेट होण्यापूर्वीच मायेचा हात असा पोहोचला होता.

परदेशातील माहेर

स्त्रीने, तेही एकटीने, समुद्र ओलांडावा ही कल्पनाच तत्कालीन समाजाला असह्य होती. लोकांच्या शंकांना उत्तर देण्यासाठी 24 फेब्रुवारी 1883 रोजी श्रीरामपूर (बंगाल) येथील महाविद्यालयात आनंदीबाईंनी भाषण केले. देशाला स्त्री वैद्यांची किती निकड आहे, हे त्यांनी सांगितले आणि आपण हिंदू म्हणूनच जाऊ व हिंदू म्हणूनच परत येऊ, अशी ग्वाही दिली. प्रवासखर्चासाठी अंगावरचे दागिने विकले गेले. 7 एप्रिल 1883 रोजी त्यांनी कलकत्ता सोडले आणि 4 जून रोजी न्यूयॉर्क बंदरात पाऊल ठेवले. त्या वेळी त्या अठरा वर्षांच्या होत्या.

बंदरावर कार्पेंटरबाई स्वतः उपस्थित होत्या. त्यांनी आनंदीबाईंना आपल्या घरी नेले. उन्हाळ्याचे ते काही महिने म्हणजे आनंदीबाईंचे माहेरपणच होय. त्या घरात त्यांच्या आहाराचा आणि आचाराचा मान राखला गेला. शाकाहार त्यांनी सोडला नाही, साडीही सोडली नाही. ज्या साहाय्याला पूर्वी धर्मांतराची अट होती, तेच साहाय्य या घराने कोणत्याही अटीविना दिले. ज्याला आपण प्रेम म्हणतो त्याची कसोटी याहून वेगळी काय असणार?

विद्येचे सोपान

फिलाडेल्फिया येथील विमेन्स मेडिकल कॉलेजात आनंदीबाईंना प्रवेश व शिष्यवृत्ती मिळाली. त्यांना तेथे पोहोचवण्यासही मावशी सोबत गेल्या. महाविद्यालयाच्या प्रमुख डॉ. रेचल बॉडली यांचेही त्यांच्यावर लक्ष होते. जपानच्या केई ओकामी आणि सीरियाच्या सबात इस्लामबुली या विद्यार्थिनी तेथे त्यांच्या सहाध्यायिनी होत्या. आपापल्या देशाच्या पोशाखातील या तिघींचे 1885 सालचे एकत्रित छायाचित्र आजही जगभर पाहिले जाते.

कडाक्याची थंडी, अपुरा आहार आणि अभ्यासाचा ताण यांनी प्रकृती खालावत गेली. तरी निश्चय ढळला नाही. हिंदू समाजातील प्रसूतिशास्त्र हा विषय त्यांनी प्रबंधासाठी निवडला. दहा दिवसांच्या बाळाचा मृत्यू पाहिलेल्या मातेची ही निवड पुष्कळ काही सांगून जाते. 11 मार्च 1886 रोजी त्यांना पदवी प्रदान झाली. त्या समारंभास पंडिता रमाबाई इंग्लंडहून आवर्जून आल्या. दोघींचे दूरचे नातेही होते. रमाबाईंनी 1883 मध्ये ख्रिस्ती धर्म स्वीकारला होता. आनंदीबाई स्वधर्मात राहिल्या होत्या. मार्ग भिन्न झाले तरी भगिनीभाव उणावला नाही.

अखेरचा विसावा

कोल्हापूरच्या आल्बर्ट एडवर्ड हॉस्पिटलात स्त्री विभागाच्या प्रमुखपदी त्यांची नेमणूक झाली. परंतु 1886 च्या अखेरीस त्या मायदेशी परतल्या त्या क्षयाने जर्जर होऊन. पदभार स्वीकारण्याचा योग आलाच नाही. 26 फेब्रुवारी 1887 रोजी पुणे येथे त्यांची प्राणज्योत मालवली. वयाची बावीस वर्षेही पूर्ण झाली नव्हती.

यानंतरची घटना या नात्याची खोली दाखवते. आनंदीबाईंच्या अस्थी गोपाळरावांनी कार्पेंटरबाईंकडे पाठवल्या. त्यांनी त्या न्यूयॉर्क राज्यातील पोकिप्सी येथील दफनभूमीत, आपल्या कुटुंबाच्या जागेत ठेवल्या आणि वर स्मृतिशिला उभारली. आप्तांच्या शेजारी, आप्त म्हणून! ती शिला आजही तेथे आहे.

आनंदीबाईंना एकाही रुग्णाची दीर्घकाळ सेवा करता आली नाही, म्हणून त्यांचे जीवन अपुरे राहिले असे वाटणे स्वाभाविक आहे. परंतु 1888 साली अमेरिकेत कॅरोलिन डॉल यांनी इंग्रजीत आणि पुढे आपल्याकडे काशीबाई कानिटकर यांनी मराठीत त्यांचे चरित्र लिहिले. हयात असताना एका स्त्रीने त्यांना घर दिले. त्या गेल्यावर इतर स्त्रियांनी त्यांची स्मृती जपली. ती चरित्रे वाचून शिकलेल्या मुली हेच त्यांचे कार्य ठरले.

शिष्यवृत्ती, वसतिगृहे, शाळा यांच्या रूपाने समाज मुलींना पुष्कळ काही देऊ शकतो. आनंदीबाईंच्या चरित्राचा आणखी एक बोध असा की, घरापासून दूर शिकणाऱ्या मुलीला द्रव्याइतकीच गरज असते ती आपुलकीने विचारपूस करणाऱ्या एखाद्या मावशीची. असे नाते जोडण्यास ना मोठी संपत्ती लागते, ना अधिकार. एका अनोळखी मुलीची हाक ऐकून वेळेवर लिहिलेले एक पत्रही त्यासाठी पुरेसे होते, याची साक्ष पोकिप्सीची ती शिला देत आहे.