नटवर्य केशवराव दाते : एक स्मरण

भाट्याचा पूल ओलांडून दक्षिणेकडे निघाले म्हणजे पावस, पूर्णगड, कशेळी ही गावे मागे टाकीत रस्ता आडिवऱ्यास पोचतो. तेथील महाकालीच्या दर्शनास आपल्यापैकी पुष्कळ कुटुंबे जातात. परंतु ह्याच आडिवऱ्यात 1889 साली मराठी रंगभूमीचा एक श्रेष्ठ नट जन्मास आला, हे तरुण पिढीस क्वचितच ठाऊक असते. मंडळाच्या स्मरणिकेत ज्ञातीबाहेरील थोर पुरुषांचीही चरित्रे यावीत, ह्या संपादकांच्या इच्छेस मान देऊन केशवराव दात्यांचे हे अल्पचरित्र सादर करीत आहे.

केशवराव 1907 च्या सुमारास महाराष्ट्र नाटक मंडळीत आले. त्या काळी स्त्रिया रंगभूमीवर येत नसत. तेव्हा तरुण केशवरावांच्या वाट्यास स्त्रीभूमिकाच आल्या. 1909 साली रंगभूमीवर आलेल्या खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’ नाटकातील आनंदीबाईने त्यांचे नाव सर्वतोमुखी केले. ही मंडळी गद्य नाटके करणारी. तेथे गाण्याचा आधार नाही. जे साधावयाचे ते बोलण्यातूनच. आणि येथेच केशवरावांची खरी अडचण होती. त्यांचा आवाज पहाडी नव्हता. तो किंचित घोगरा व बेताचा होता. ध्वनिक्षेपक नसलेल्या त्या नाट्यगृहांत असा आवाज म्हणजे नटाचे वैगुण्यच समजले जाई. परंतु केशवरावांनी त्याच्याशी झगडा मांडला नाही. शब्द स्वच्छ उच्चारावा, योग्य ठिकाणी थांबावे, आणि उरलेले डोळ्यांनी व मुद्रेने सांगावे, असा मार्ग त्यांनी धरला. आरडाओरड हाच अभिनय मानणाऱ्या काळात ही गोष्ट लहान नव्हती.

पुढे 1933 साली ‘नाट्यमन्वंतर’ संस्थेने ‘आंधळ्यांची शाळा’ हे नाटक आणले. स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच करणे, मोजकी गाणी, घरातल्यासारखे नैसर्गिक बोलणे, ही त्याची वैशिष्ट्ये. त्या प्रयोगात केशवराव सहभागी होते. जुन्या रंगभूमीवर मुरलेला हा नट नव्या रंगभूमीसही आपलासा वाटला.

बोलपट आला आणि त्यांच्या हळू आवाजास न्याय मिळाला. ध्वनिग्राहकापुढे ओरडण्याचे कारण उरले नाही. प्रभात कंपनीच्या ‘अमृतमंथन’ (1934) चित्रपटाच्या मराठी आवृत्तीत ते राजगुरू झाले. हिंदीत तीच भूमिका चंद्रमोहन यांनी केली. ‘शेजारी’ (1941) मध्ये गजानन जागीरदारांच्या मिर्झासमोर त्यांचा जिवबा उभा राहिला. दोन जिवलग मित्र, एक हिंदू व एक मुसलमान, वैमनस्याने दुरावतात आणि अखेर धरण फुटते तेव्हा मृत्यूच्या दारी एकत्र येतात, अशी ती कथा. ‘झनक झनक पायल बाजे’ (1955) मधील करारी नृत्यगुरू मंगल महाराज हीदेखील त्यांचीच भूमिका.

परंतु त्यांचे नाव चिरंतन झाले ते ‘कुंकू’ (1937) मधील काकासाहेबांमुळे. नारायण हरी आपट्यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ ह्या कादंबरीवर शांतारामबापूंनी हा चित्रपट काढला. उतारवयात तरुण मुलीशी लग्न लावून बसलेला हा गृहस्थ खलपुरुष म्हणून रंगविणे सोपे होते. केशवरावांनी त्यास माणूस ठेवले. चित्रपटास पार्श्वसंगीत नाही. घड्याळाची टिकटिक आणि माणसांचे बोलणे एवढेच. त्या शांततेत आपली चूक हळूहळू उमगत जाणारा वृद्ध आपल्या डोळ्यांसमोर झिजतो. अखेर पत्नीस पुनर्विवाहाची मोकळीक देऊन तो जीवन संपवितो, तेव्हा संताप विरून प्रेक्षकांच्या मनात करुणाच उरते. विषमविवाहाविरुद्ध शंभर व्याख्यानांनी जे झाले नसते ते ह्या एका भूमिकेने केले.

1971 साली केशवरावांचे देहावसान झाले.

शेवटी एक स्वानुभव. शिक्षकी पेशाच्या अखेरच्या वर्षांत माझा आवाज बसला. मागच्या बाकांवरील मुले हसू लागली तेव्हा नोकरी सोडावी, असे मनात आले. त्याच सुमारास ‘कुंकू’ पुन्हा पाहण्यात आला. दुसऱ्या दिवसापासून मी ओरडणे सोडले, हळू व सावकाश बोलू लागलो. वर्ग ऐकण्यासाठी आपोआप शांत होऊ लागला. निवृत्तीपर्यंतची वर्षे मी त्याच आवाजावर काढली.

आपल्या मुलांपैकी कोणाचा आवाज लहान असेल, कोणाचे रूप बेताचे, तर कोणाची परिस्थिती ओढगस्तीची. त्यांस हिणवू नये. आडिवऱ्याच्या ह्या सुपुत्राचे चरित्र त्यांस वाचून दाखवावे, एवढीच विनंती.